‘आंतोनिया’ ही शिवी नव्हे

गेली पंचवीसएक वर्षे महाराष्ट्रातील सभांच्या व्यासपीठांवरून, आणि अलीकडे दूरचित्रवाणीच्या पडद्यावरून व भ्रमणध्वनीवर फिरणाऱ्या संदेशांतून, एक स्त्रीनाम विशिष्ट सुरात उच्चारले जाते. वक्ता त्या नावाआधी क्षणभर थांबतो, ओठ किंचित मुडपतो आणि एकेक अक्षर सुटे करीत ते टाकतो : अँ-टो-नि-या. सभेत हशा पिकतो. त्या नावात हसण्यासारखे काही नाही. हशा पिकतो तो ‘ही आपली नव्हे’ हे न उच्चारलेले वाक्य सर्वांना ऐकू येते म्हणून. ज्या बाईंना उद्देशून हे चालते त्या समर्थ आहेत. त्यांच्यापाशी पक्ष आहे, वकील आहेत. परंतु त्याच नावाच्या मुली आमच्या स्नानसंस्काराच्या नोंदवहीत आहेत आणि त्यांची बाजू मांडायला कोणी नाही. हा लेख त्यांच्यासाठी आहे.

राजकारणाविषयीचे माझे म्हणणे एवढ्याच परिच्छेदात संपवतो. १९९९ च्या मे महिन्यात शरद पवार, पूर्णो संगमा आणि तारिक अन्वर या तीन नेत्यांनी, परदेशात जन्मलेल्या व्यक्तीने देशाचे पंतप्रधानपद भूषवावे काय, असा प्रश्न पत्राद्वारे आपल्या पक्षापुढे ठेवला. तिघांनाही पक्षातून काढण्यात आले आणि १० जून १९९९ रोजी राष्ट्रवादी काँग्रेस पक्षाचा जन्म झाला. बारामती आणि इंदापूर या दोन तालुक्यांत त्या उन्हाळ्यात दुसरा विषय नव्हता. एसटीच्या थांब्यावर, दूध संकलनाच्या रांगेत, न्हाव्याच्या दुकानात इटलीचा भूगोल शिकवला जात होता. तो प्रश्न विचारणेच गैर होते, असे मी म्हणणार नाही. राज्यघटनेत तसा अडसर नाही. पण तो असावा असे ज्याला वाटते, त्याला तसे म्हणण्याचा पूर्ण अधिकार आहे. शिवाय त्या तिघांपैकी संगमा स्वतः कॅथलिक होते, तेव्हा तो वाद धर्माचा नव्हता. निदान कागदावर तरी नव्हता. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात दोन्ही पक्ष मुंबईत एकत्र सत्तेवर बसले. २००४ साली सोनिया गांधी यांनी पंतप्रधानपद नाकारले आणि मूळ प्रश्नाचे प्रयोजनच उरले नाही. नेत्यांचे भांडण मिटले. पूर ओसरला, गाळ मात्र गावात राहिला.

हा गाळ म्हणजे ते नाव. बाईंचे जन्मनाव एदविजे आंतोनिया आल्बिना मायनो. ९ डिसेंबर १९४६ रोजी उत्तर इटलीतील वेनेतो प्रांतात, विचेंझा जिल्ह्यातील लुझियाना या डोंगराळ गावी त्यांचा जन्म झाला. शेजारचाच जिल्हा पादुआचा, म्हणजे संत अंतोनींच्या समाधीचा. आणि त्याच वर्षीच्या जानेवारीत पोप बारावे पायस यांनी संत अंतोनींना ख्रिस्तसभेचे आचार्य ही पदवी दिली होती. त्या मुलखात मुलीला आंतोनिया म्हणणे हे आमच्याकडे तुकोबांच्या पालखीच्या वाटेवरील सणसरला किंवा निमगाव केतकीला मुलाला विठ्ठल म्हणण्याइतकेच साधे. ‘सोनिया’ हे घरचे लाडके नाव. ते रशियन आहे, सोफिया या नावाचे रूप. सोफिया म्हणजे ग्रीक भाषेत प्रज्ञा. वडील महायुद्धात रशियाच्या आघाडीवर होते, तेथून ते घरात आले. म्हणजे ज्या नावाला आपण सोन्यावरून आलेले देशी नाव समजून स्वीकारले ते रशियन, आणि ज्याला परके म्हणून हिणवतो त्याचा इतिहास मराठी भाषेत साडेतीन शतकांहून अधिक जुना. हे दुसरे विधान मी पुढे सिद्ध करणार आहे.

आधी हिणवणाऱ्यांची विद्वत्ता पाहू. पुष्कळांच्या तोंडी आणि लेखणीत ते नाव ‘अँटोनियो’ असे येते. अँटोनियो हे पुरुषाचे नाव आहे. इटालियन भाषेत शेवटचा ‘ओ’ पुरुषाचा आणि ‘आ’ स्त्रीचा, एवढे तिसरीतले पोर दोन मिनिटांत शिकेल. ज्यांना शिवी देतानाही लिंगभेद कळत नाही, त्यांनी देशाची संस्कृती राखण्याचा विडा उचलावा, हा आपल्या काळाचा विनोद.

मात्र १६ एप्रिल २०२० च्या रात्रीनंतर विनोद उरला नाही. पालघर जिल्ह्यात गडचिंचले येथे दोन साधू आणि त्यांचा वाहनचालक जमावाच्या हातून मारले गेले. मुले पळवणारी टोळी फिरते आहे, चोर फिरताहेत, अशा अफवांनी तो मुलूख त्या दिवसांत पेटला होता. त्या निर्घृण हत्येचा धिक्कार करावा तितका थोडा, आणि आम्ही तो केलाही. पण चारपाच दिवसांच्या आत एका राष्ट्रीय वृत्तवाहिनीच्या निवेदकाने सोनिया गांधींचे जन्मनाव पुकारून आणि रोमचा उल्लेख करून, जणू त्या रक्ताशी कॅथलिक नावाचा काही संबंध आहे, असा आभास कोट्यवधी प्रेक्षकांपुढे उभा केला. लक्षात घ्या, त्या रात्री ‘आंतोनिया’ हा शब्द टीका म्हणून उच्चारला गेला नाही, पुरावा म्हणून उच्चारला गेला. नाव हाच गुन्हा आणि नाव हीच साक्ष. त्या आठवड्यात टाळेबंदीमुळे आमची मंदिरे बंद होती, लोक घरी बसून तेच पाहत होते. आणि घराघरांतून पोरीबाळी आईकडे पाहत होत्या.

याचे परिणाम मोठ्या शहरांतील आपल्या बांधवांना जाणवत नसतील. वसईत किंवा वांद्र्याला चार घरांआड एक अंतोन सापडतो. बारामती-इंदापूरकडे आपण मूठभर आहोत. कोणी नगर जिल्ह्यातून ऊसतोडीला किंवा शिक्षकी पेशात आले, कोणी वालचंदनगरच्या कारखान्यात, कोणी बारामतीच्या औद्योगिक वसाहतीत. काही घरे गोवा, मंगळूर, केरळकडची. गावात एकच ख्रिस्ती घर असेल तर त्या घरातील मुलीचे नाव सगळ्या गावाचे असते. आमच्याच भागातील एका शाळेत हजेरीच्या वेळी चौथीतल्या एका मुलीला ‘आल्या का राहुलच्या मातोश्री?’ असे विचारले गेले. विचारणारे शिक्षक. वर्ग हसला. त्यात क्रौर्य किती आणि गंमत किती हे ज्याचे त्याने ठरवावे. पण दुसऱ्या दिवशी तिचे आईवडील माझ्याकडे आले ते तक्रार घेऊन नव्हे. ‘फादर, वहीतले नाव बदलून मिळेल का?’ एवढेच त्यांना विचारायचे होते.

नोंदवहीतील नोंद खोडता येत नाही. गरज पडल्यास समासात टीप लिहिता येते. मी त्यांना ते सांगितले. पण त्यांच्या प्रश्नाचे खरे उत्तर ते नव्हते. खरे उत्तर त्या नावाच्या कथेत आहे, आणि ती आपल्यापैकी फार थोड्यांना ठाऊक असते. संत अंतोनींची नोव्हेना करणारे आपण, हरवलेली किल्ली सापडावी म्हणून त्यांना हाक मारतो, आणि नावाचा अर्थ विचारला की नामावलीच्या पुस्तिकेत पाहून ‘अमूल्य’ असे सांगतो. हा अर्थ मागाहून चिकटवलेला आहे.

आंतोनिया हे मुळात कुळाचे नाव. प्राचीन रोममध्ये आंतोनिउस नावाचे एक घराणे होते. त्या शब्दाचे मूळ बहुधा रोमपूर्व एट्रुस्कन लोकांच्या भाषेत असावे आणि त्याचा निश्चित अर्थ विद्वानांना लागलेला नाही. स्वतः मार्क अँटनीच्या घराण्यात आपण हर्क्युलीसच्या अँटन नामक पुत्राचे वंशज आहोत अशी आख्यायिका मिरवली जात असे. पुढे कोणी त्याचा संबंध फूल या अर्थाच्या ग्रीक शब्दाशी जोडला, आणि त्यामुळेच इंग्रजांच्या ‘अँथनी’त तो ‘थ’ शिरला. रोमन घरांत मुलीला स्वतंत्र नाव देण्याची फारशी चाल नव्हती. कुळाच्या नावाचे स्त्रीलिंगी रूप तेच तिचे नाव. मार्क अँटनीच्या दोन मुली दोघीही आंतोनियाच. एक थोरली, एक धाकटी. धाकटी आंतोनिया सम्राट क्लाउदियसची आई. ऐन तारुण्यात तिला वैधव्य आले. पुन्हा विवाह करण्याचा आग्रह तिने मानला नाही. सम्राट तिबेरियसविरुद्ध शिजलेला कट तिनेच पत्र पाठवून उघडकीस आणला, असे इतिहासकार योसेफस सांगतो.

हे नाव बायबलच्या मुलखातही उभे आहे, दगडाचे होऊन. यरुशलेममध्ये मंदिराच्या वायव्येस हेरोदाने एक किल्ला बांधला आणि आपल्या आश्रयदात्या अँटनीच्या सन्मानार्थ त्याला आंतोनिया हे नाव दिले. येशूचा न्याय झाला ती फरसबंदी, योहानाच्या शुभवर्तमानातील गब्बाथा, त्याच किल्ल्यात होती असे परंपरा मानीत आली. आजचे बहुतेक संशोधक ती जागा हेरोदाच्या राजवाड्यात शोधतात. तरी यरुशलेममधील क्रुसाची वाट आजही आंतोनियाच्या जागेपासूनच निघते. शुभ शुक्रवारी पहिल्या स्थानापाशी आपण गुडघे टेकतो तेव्हा आपण परंपरेने तेथेच असतो. पौलाबद्दल तर शंकेला वाव नाही. प्रेषितांच्या कृत्यांच्या एकविसाव्या अध्यायात जमावाच्या हातून पौलाला सोडवून शिपाई ज्या गढीत नेतात, ती आंतोनिया. तिच्या पायऱ्यांवर उभा राहून पौल त्याच जमावाशी बोलला, आणि तो रोमनांच्या भाषेत बोलला नाही, लोकांच्या भाषेत बोलला. जमाव एखाद्याला परका ठरवून मारायला उठतो हे दृश्य गडचिंचलेइतकेच जुने, किंबहुना फार जुने आहे.

मग या रोमन कुळाचे नाव संतांचे कसे झाले? इटलीमुळे नव्हे, इजिप्तमुळे. तिसऱ्या शतकात नाईलच्या काठी अंतोनी नावाचा एक सधन शेतकरी तरुण मंदिरात गेला. ‘तुझे असेल-नसेल ते विकून गोरगरिबांना दे’ हे प्रभूचे वचन त्याने ऐकले आणि जमीन देऊन टाकून तो वाळवंटात गेला. संन्यस्त ख्रिस्ती जीवनाचा तो जनक. संत अथनासियस यांनी त्याचे चरित्र लिहिले. ती कथा कानी पडल्याने संत ऑगस्टीन हलून गेले. पुढे हजार वर्षांनी लिस्बनचा फर्नांडो नावाचा तरुण फ्रान्सिस्कन झाला तेव्हा त्याने १२२० साली त्या इजिप्शियन मुनीचे नाव घेतले. हेच आपले पादुआचे संत अंतोनी. १३ जून १२३१ रोजी त्यांचे निधन झाले आणि वर्ष पुरे व्हायच्या आत, ३० मे १२३२ रोजी, त्यांना संत घोषित करण्यात आले. तेव्हा हिशेब असा : शब्द एट्रुस्कन, कुळ रोमन, पहिला संत इजिप्शियन, दुसरा पोर्तुगीज. या नावात इटलीचे काय आहे? एक समाधी आहे, आणि एक ‘आ’.

आता मराठीकडे येतो. १६५५ साली गोव्यात एक ग्रंथ छापला गेला : पादुआच्या सांतु आंतोनीची जीवित्वकथा. लेखक आंतोनियु द साल्दाञ्ञ, मोरोक्कोत जन्मलेले येशूसंघीय धर्मगुरू. ग्रंथाची लिपी रोमी. पण त्यातील एक भाग मराठी पद्यात आहे, दुसरा कोकणी गद्यात. स्टीफन्सच्या ख्रिस्तपुराणाची पहिली आवृत्ती १६१६ ची. त्यानंतर ३९ वर्षांनी हे घडले. बारामतीला आपण मोरोपंतांची नगरी म्हणतो आणि त्याचा योग्य अभिमान बाळगतो. बाबूजी नाईकांच्या आश्रयाने केकावलीकार येथे राहिले आणि येथेच १७९४ साली निवर्तले. त्यांचा जन्म १७२९ चा. मराठी काव्यात आंतोनी हे नाव मोरोपंतांच्या जन्माआधी ७४ वर्षे छापले गेले होते. कोणते नाव मराठीत परके आणि कोणते नव्हे, हे ठरवायला बसलेल्यांनी ही एक तारीख समोर ठेवावी.

मोरोपंतांवरून आठवले. ते बारामतीत आर्या रचीत होते त्याच काळात पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला, आजच्या अर्जेंटिनात, मारिया आंतोनिया द पास इ फिगेरोआ नावाची बाई अनवाणी पायांनी गावोगाव हिंडत होती. येशूसंघीयांना १७६७ साली स्पॅनिश राजाने हाकलून दिले; त्यांच्यामागे आध्यात्मिक साधनेची शिबिरे या बाईने चालू ठेवली. मालकीण आणि मोलकरीण यांना ती एकाच पंगतीला बसवीत असे. तेथील आदिवासींनी आपल्या केचुआ बोलीत ‘आंतोनिया’चे ‘आंतुला’ केले आणि तिला ‘मामा आंतुला’, म्हणजे आंतोनियामाई, म्हणू लागले. ११ फेब्रुवारी २०२४ रोजी पोप फ्रान्सिस यांनी तिला संत घोषित केले. आपल्या किती मंदिरांतून त्या रविवारी तिचे नाव उच्चारले गेले? मला वाटते, ज्या नावाची बाहेर टवाळी होते त्या नावाची संत वेदीवर चढत असताना आपण ती संधी दवडली. आणखी एक आंतोनिया फ्लॉरेन्सची : विधवा, एका मुलाची आई, पुढे संत क्लाराच्या संघातील मठाधिपती, १४७२ साली निवर्तली, १८४७ साली धन्य ठरली. मुलीला नावाची संत दाखवायची तर दोन आहेत, आणि दोघीही कणखर.

‘परके नाव’ या आक्षेपाला इंदापूरचे उत्तर आणखी ठसठशीत आहे. इंदापूर ही शिवरायांचे आजोबा मालोजीराजे यांची भूमी. ते येथल्याच लढाईत पडले. मालोजींना दीर्घकाळ मूल नव्हते. बखरकार सांगतात की त्यांनी नगरच्या शाह शरीफ या पिराला नवस केला, आणि झालेल्या दोन मुलांची नावे पिराच्या नावावरून शहाजी व शरीफजी अशी ठेवली. महाराष्ट्राच्या राजाच्या पित्याचे नाव एका मुसलमान साधूवरून आले, ‘शाह’ हा शब्द इराणातून आला, आणि त्याला ‘जी’ लावून आपण तो असा आपलासा केला की आज कोणाला त्याचे मूळ आठवतही नाही. पेशवा हा शब्द फारसी, फडणीस फारसी, चिटणीसही फारसी वळणाचा. ज्या मराठी भाषेने शाहचा शहाजी केला, तिला आंतोनिया जड जावी? भाषेला जड जात नाही. जड जाते ते मनाला.

दुसरा आक्षेप असा की बाईंनी ‘खरे नाव लपवले’. हा आक्षेप महाराष्ट्रात घेतला जावा, याचे मला विशेष नवल वाटते. लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीने सुनेचे नवे नाव लिहिण्याची चाल कोणाची? आनंदीबाई जोशी माहेरच्या यमुना. रमाबाई रानडे माहेरच्या यमुना. लक्ष्मीबाई टिळक माहेरच्या मनकर्णिका. त्यांना कोणी विचारले नाही की तुम्ही खरे नाव का लपवता. उलट नवे नाव न घेणारीलाच विचारतात. मुलीचे नाव नवऱ्याच्या घरी पुसले जाते ते संस्कार म्हणून, आणि एका मुलीचे घरचे नाव रूढ झाले ते कपट म्हणून! बेलवडीच्या रिंगणात गोल फिरणारा अश्वही इतक्या चपळाईने वळत नसेल.

आता घरच्या मंडळींशी थोडे बोलतो, कारण आपल्यातही दोन प्रकारचे लोक मला भेटतात. पहिले म्हणतात : फादर, हवीतच कशाला ही पाश्चात्त्य नावे? व्हॅटिकन परिषदेनंतर आपण मराठीत मिस्सा म्हणतो, आरती ओवाळतो. नावेही मराठीच ठेवू. मला हे मान्य आहे आणि मी तसे सुचवतोही. १९१७ च्या धर्मविधिसंहितेत मुलाला ख्रिस्ती नाव दिले जाईल हे पाहण्याची जबाबदारी धर्मगुरूवर होती. पालकांनी ऐकले नाही तर त्याने संताचे नाव जोडावे आणि दोन्ही नावे वहीत लिहावीत, असा नियम होता. आपल्या आजीआजोबांच्या दुहेरी नावांचे एक मूळ तेथे आहे. १९८३ च्या संहितेने, कलम ८५५ मध्ये, एवढेच म्हटले की ख्रिस्ती भावनेला विसंगत नाव नसावे. आशा, करुणा, ज्योती, आनंद, प्रकाश ही नावे त्या कसोटीला पूर्ण उतरतात. रेव्हरंड टिळक १८९५ साली ख्रिस्ती झाले आणि नारायण वामनच राहिले. पंडिता रमाबाईंना १८८३ साली वाँटेजच्या मठात स्नानसंस्काराच्या वेळी मेरी हे नाव मिळाले, पण महाराष्ट्र त्यांना रमाबाई म्हणूनच ओळखतो. ते प्रॉटेस्टंट पंथाचे खरे, पण धडा आपल्यालाही लागू आहे. मोठ्या प्रीतीने मराठी नाव निवडणे हे संस्कृतीशी एकरूप होणे. शाळेत कोणी हसेल म्हणून संताचे नाव टाकून देणे हे तसे नव्हे. दोहोंत नाव कदाचित तेच निघेल. कृती एक नाही. जे पालक मला मराठी नाव सांगतात त्यांना मी ‘का?’ असे विचारतो, आणि उत्तर येण्याआधीच्या शांततेवरून मला बहुधा कळते.

दुसरे लोक दूरचित्रवाणीच्या मालिकेतील नायिकेचे नाव घेऊन येतात, त्याचा अर्थ त्यांनाही ठाऊक नसतो. त्यांच्याविषयी अधिक लिहीत नाही.

मात्र दुहेरी नावांच्या मागे भीतीखेरीज आणखी एक कारण आहे आणि ते बोलून दाखवलेच पाहिजे. १९५० च्या अनुसूचित जातींच्या आदेशाने त्या जातींच्या सवलती हिंदूंपुरत्या ठेवल्या. १९५६ साली शिखांचा आणि १९९० साली बौद्धांचा समावेश झाला, ख्रिस्ती दलित बाहेरच राहिला. महाराष्ट्रात त्याची गणना इतर मागासवर्गात होते. जात स्नानसंस्काराने सुटली असे कायदा मानतो. गावाची विहीर, गावाची सोयरीक तसे मानत नाही. अशा घरातील बापाने मुलीचे नाव दाखल्यावर अनिता आणि वहीत आंतोनिया लिहिले तर त्याला ढोंगी म्हणायला माझी जीभ वळत नाही. ज्या व्यवस्थेने त्याच्या पोटाला आणि त्याच्या श्रद्धेला वेगवेगळी नावे घ्यायला लावली, तिला मी विचारतो : नाव लपवले म्हणून हसणारेही तुम्ही आणि नाव उघड केले तर दाखला काढून घेणारेही तुम्हीच, तेव्हा या माणसाने करावे काय?

आपल्या लोकांना नावावरून ओळखण्याचा हा खेळ केवळ राजकारणापुरता नाही. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांची उस्मानाबादच्या ९३ व्या मराठी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी निवड झाली तेव्हा त्यांच्या मराठीबद्दल कोणी शंका घेतली नाही, घेता येतही नव्हती. तरी विरोधाचे दूरध्वनी आले. आक्षेप होता तो ‘फादर’ या शब्दाला. २०२० च्या जानेवारीत ते त्या व्यासपीठावर आपले नाव जसेच्या तसे घेऊन उभे राहिले. २०२४ च्या जुलैत ते गेले. आपल्या मुलांना ते छायाचित्र दाखवा.

आणि हिंदी चित्रपटांनी रूढ केलेला तो दारुडा, विनोदी ‘अँथनी’? १९७७ च्या ज्या चित्रपटातील गाण्याने तो घरोघर पोहोचला, त्यातील नाव संगीतकार प्यारेलाल यांच्या गुरूंचे होते. गोव्यातील माजोर्ड्याचे व्हायोलिनवादक अँथनी गोन्साल्विस. शिष्याने ते आदराने घातले होते. लोकांना टोपी आठवली, गुरू आठवले नाहीत.

शेवटी काही व्यवहाराच्या गोष्टी, कारण यंदा तीन कुटुंबे मजकडे याच कामासाठी येऊन गेली. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मनोंदणीचा सुधारित कायदा लागू झाला आहे; त्यानंतर जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेशापासून पारपत्रापर्यंत जन्मदाखला हाच जन्माचा पुरावा. स्नानसंस्काराचा दाखला त्या जागी आता चालणार नाही. शिवाय १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांची नावे महाराष्ट्रात बाळाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव या क्रमाने लिहिली जातात. म्हणजे आजवर नोंदवहीत मिटून राहिलेले आईचे नाव आता मुलाच्या प्रत्येक कागदावर उमटणार. आई वहीत आंतोनिया, आधारपत्रात अनिता आणि माहेरच्या शाळेच्या दाखल्यावर आणखी तिसरीच असेल, तर घोटाळा मुलाच्या माथी येईल. तेव्हा बाळ जन्मण्याआधी आईने आपले कागद एकत्र करून पाहावेत. जे नाव ठेवायचे ते ठरवून, जरूर तर राजपत्रात प्रसिद्ध करून, सगळीकडे एक करावे. ते अनिता ठरले तरी माझी ना नाही. आंतोनिया ठरले तर ते ‘आ’ने लिहावे, ‘ओ’ने नव्हे, आणि नगरपालिकेतील किंवा ग्रामपंचायतीतील लेखनिकाने ‘अँटोनियो’ लिहिले असेल तर तेथल्या तेथे दुरुस्त करून घ्यावे. स्नानसंस्काराच्या नोंदीसाठी येताना जन्मदाखल्याची प्रत सोबत आणावी. धर्ममाता व धर्मपिता यांची नावेही त्यांच्या कागदांवर आहेत तशीच सांगावीत.